ललत आणि लिंबाजीच्या शेळ्या

॥ श्री ॥

पुणे,
३ नोव्हेंबर २०२४

ती. स्व. मोठ्या बाबांच्या चरणी शिवांजलीचा सा. न. वि. वि.

पाकीट बघून दचकू नका, इकडं सगळं ठीक आहे. तुमच्या घशाच्या ऑपरेशननंतर फोनवर तुमच्याशी बोलायचं म्हणजे मी बोलायचं आणि मोठ्या आईनं मधूनमधून सांगायचं, की ते मान हलवतायत. व्हॉट्सअॅपवर लिहावं तर अंगठ्यानं लिहिलेल्याला तुम्ही पत्र मानत नाही. म्हणून कॉलेज सुटल्यापासून पहिल्यांदाच दोन पानं हातानं लिहितेय. अक्षराला हसू नका.

काम असं आहे. मी जिथं नोकरी करते तिथल्या हर्षाली मॅडम सात रागांवर सात छोट्या फिल्म करतायत. फिल्ममध्ये माणूस नाही, निवेदन नाही, गोष्ट नाही. राग वाजत राहणार आणि पडद्यावर फक्त डोंगर, पाणी, शेत, आभाळ. मारव्याला कोकणातला समुद्र झाला, मल्हाराला घाट झाला. ललत तेवढा राहिला होता. मी मीटिंगमध्ये सांगून टाकलं, की दिवस उगवण्याआधीचा ललत ऐकायचा तर आमच्या जळकोटच्या वैजनाथ मास्तरांचा, आणि माळ बघायचा तर तोही जळकोटचाच. मॅडमना अप्पांकडची टेप ऐकवली. त्या डोळे मिटून बसल्या आणि हो म्हणाल्या.

तुम्हाला माहीतच आहे, अप्पा जाईपर्यंत रोज पहाटे पाच वाजता ती टेप लावायचे. धाकट्या भावानं थोरल्याचं कौतुक करावं तरी किती! माझ्यासाठी सकाळ म्हणजे दुधाची पिशवी, अप्पांचा खोकला आणि तुमचा ललत. गाण्याच्या मागं शेळ्या ओरडतात ना, त्या ललतातच असतात असं मला पाचवीपर्यंत वाटायचं.

पण अप्पांकडची ती कॉपी आता झिजलीय. मूळ टेप तुमच्याकडं आहे, ती पाठवा. सोबतच्या संमतीपत्रावर सही करा. तुमची सही असल्याशिवाय मॅडम तुमचा आवाज वापरणार नाहीत. शूटिंग डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात आहे.

मोठ्या आईला नमस्कार. लोभ आहेच, त्यात थोडी भर घालावी ही विनंती.

तुमची,
शिवांजली

*

जळकोट,
१२ नोव्हेंबर २०२४

चि. शिवांजलीस वैजनाथचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

पत्र पावले. अक्षर कोंबडीनं उकिरडा उकरल्यासारखं आहे, पण कोंबडी घरचीच आहे म्हणून शेवटपर्यंत वाचलं.

तुझ्या मॅडमना निसर्गात माणूस नको आहे. हरकत नाही. मग गाणं कोणी गायचं, बोरी नदीनं? आमच्या वेळी ललत गायला तर ऐकणाऱ्याला डोळे मिटून पहाट दिसायची. आता डोळे उघडे ठेवून पडद्यावर दाखवावी लागते म्हणजे एक तर गाणारा कच्चा किंवा ऐकणारा. असो. तुझा उत्साह मोडवत नाही. माझ्या दोन अटी आहेत.

पहिली. ललत पहाटेचा राग आहे, तेव्हा चित्रण पहाटेचंच पाहिजे. रागाच्या वेळेबाबत मी कधी कुणाची गय केलेली नाही. तो खताच्या दुकानाचा कल्याणप्पा, लहानपणी माझ्याकडं शिकवणीला होता. एकदा सकाळी सात वाजता त्यानं यमनातली प्रार्थना म्हटली. संध्याकाळचा राग, आणि सकाळी सात वाजता! मी त्याच्या तळहातावर दोन छड्या दिल्या. आज पन्नाशीला आला, पण अजून मला बघितलं की हात खिशात घालतो.

दुसरी अट. टेपमधल्या शेळ्या काढून टाकायच्या. संगणकानं आता काहीही पुसता येतं असं ऐकतो. ललतात पंचम वर्ज्य असतो, तशा शेळ्याही वर्ज्य समज. एकही राहता कामा नये.

मूळ टेपचं म्हणशील तर ती कुठं ठेवली ते आठवत नाही. उंदरांनीही खाल्ली असेल. योगीराजच्या, म्हणजे तुझ्या अप्पाच्या, कॉपीवर भागव.

२ ते ४ डिसेंबर मी तुझ्या मोठ्या आईसह तपासणीला सोलापूरला असेन. किल्ली लिंबाजीकडं राहील. पथकाला घरात उतरव, चहा-पाण्याचं तो बघेल. सही सध्या अर्धीच समज. चित्र बघून उरलेली करीन.

आशीर्वाद पूर्ण आहेत, त्यात अर्धं काही नाही.

तुझा,
मोठे बाबा

*

पुणे,
९ डिसेंबर २०२४

ती. स्व. मोठ्या बाबांस सा. न. वि. वि.

सोलापूरची तपासणी चांगली झाल्याचं मोठ्या आईकडून कळलं. बरं वाटलं.

तुमच्या मागं गावानं आमची जी सरबराई केली ती ऐका. शूटिंग आहे हे कळताच कल्याणप्पांनी नवा ट्रॅक्टर झेंडूच्या माळा घालून बरोबर कॅमेऱ्यासमोर आणून उभा केला. निसर्गाला शोभा येईल असं त्यांचं म्हणणं होतं. ट्रॅक्टर हलवायला चाळीस मिनिटं आणि तीन कप चहा लागला. मग मॅडमना विजेचे खांब खुपायला लागले, मग पवनचक्क्या, मग मोबाइलचा टॉवर. शेवटी राहिली ती आपल्या परसातली मोठ्या आईची कपडे वाळत घालायची दोरी. ते सगळं आता संगणकावर पुसलंय. मोठ्या आईला सांगा, दोरी फक्त फिल्ममधून गेलीय, परसात आहे.

मॅडमना आधी जनावरंही नको होती. पण लिंबाजीकाकांनी एकेचाळीस शेळ्या माळाच्या कडेनं अशा शिस्तीत नेल्या, की मॅडम म्हणाल्या, हेच तर संगीत. कॅमेरामन अमरसिंह एरवी चहाशिवाय हलत नाही. त्या उजेडात तो चहाच विसरला. कोवळं तांबूस ऊन, उडालेली धूळ, ज्वारीची ताटं आणि त्यावर तुमचा आवाज. बघताना मला अप्पांची फार आठवण आली.

तुमच्या अटीप्रमाणे टेपमधल्या शेळ्या काढल्या आहेत. खरं सांगायचं तर त्या गेल्यावर मला घरातलं कुणी गेल्यासारखं झालं. पण तुमचा शब्द मोडला नाही.

पेनड्राइव्ह सोबत आहे. टीव्हीच्या मागं खोचायचा. बघून सही पाठवाच.

राग आला तर रागवा, पण लोभ वर्ज्य करू नका.

तुमची,
शिवांजली

*

जळकोट,
१८ डिसेंबर २०२४

चि. शिवांजलीस आशीर्वाद.

पेनड्राइव्ह मिळाला. परवा दुपारी टीव्हीसमोर मी, तुझी मोठी आई आणि दूध द्यायला आलेला लिंबाजी असे तिघं बसलो. पडद्यावर अक्षरं आली, राग ललत, वेळ पहाट. पुढं माळाला टेकलेला सूर्य दिसला. कुठल्या माळाला? म्हसोबाच्या! बाई, मी बहात्तर वर्षं त्या माळामागं सूर्य बुडताना बघतो आहे. तू लहानपणी प्रत्येक सुट्टीत बघितला आहेस. तुझ्या मॅडमनी खांब पुसले, दोरी पुसली आणि पूर्व-पश्चिमही पुसून टाकली.

मी अजून पाटी-पेन्सिल शोधत होतो, तेवढ्यात लिंबाजी हसायला लागला. त्याला ललत कळत नाही, शेळ्या कळतात. त्याचं म्हणणं असं, की ह्या शेळ्या चरून घरी चालल्यात. सकाळी निघालेली शेळी उपाशी असते. ती ओळीत चालेल व्हय? दिसेल त्या बाभळीला तोंड लावत इकडं तिकडं पांगते. ह्या तर पोटं तट्ट फुगवून, थानं जड करून एकामागं एक चालल्यात. मास्तर, ही लई उशिराची पहाट दिसतीय, असंही तो म्हणाला. गावात आता हीच म्हण झाली आहे. काल पिठाच्या गिरणीत कुणी उशिरा आलं तर त्याला विचारत होते, मास्तरांच्या पहाटेला उठला काय.

तू मला कोवळं ऊन लिहिलंस. खोटं लिहिलंस असं म्हणत नाही, कारण योगीराजची मुलगी खोटं लिहीत नाही असा माझा समज आहे. तो समज तू सांभाळ. ज्या माणसानं वेळ चुकली म्हणून पोरांच्या हातावर छड्या मारल्या, त्याचाच ललत मावळत्या उन्हावर वाजणार असेल तर तो न वाजलेला बरा. पुन्हा पहाटे चित्रण करा, नाहीतर माझं गाणं परत करा.

आशीर्वाद नेहमीचे. त्यांना वेळेचं बंधन नाही.

मोठे बाबा

*

पुणे,
२७ डिसेंबर २०२४

ती. स्व. मोठ्या बाबांस सा. न.

चुकले. योगीराजची मुलगी खोटं लिहीत नाही, पण गोल गोल लिहिते, हे कबूल करते.

झालं असं. आदल्या रात्री पोचायला उशीर झाला म्हणून आम्ही तुळजापूरलाच लॉजवर उतरलो आणि पहिल्या दिवशी पहाटे तिथून साडेचारला निघालो. वाटेत मॅडमना वाटलं, इतक्या जवळ आलोच आहोत तर आईचं दर्शन घेऊन कामाला सुरुवात करावी. पंधरा मिनिटांचं काम, असं लॉजवाल्यानंच सांगितलं होतं. त्या दिवशी नेमकी चार जिल्ह्यांतून माणसं आलेली. रांगेतून बाहेर पडलो तेव्हा सव्वानऊ झाले होते. दुसऱ्या दिवशी कुणी दर्शनाचं नाव काढलं नाही, तर सकाळभर आभाळ भरून आलं. म्हणून दोन्ही दिवस संध्याकाळ घेतली. पुण्यात पूर्व-पश्चिम कुणाला कळतं, असं मॅडम म्हणाल्या, आणि खरंच इथं अजून कुणाच्या लक्षात आलेलं नाही. सगळे म्हणतात, काय पहाट आहे! लिंबाजीकाका पुण्यात नसतात हे आमचं नशीब.

पुन्हा शूटिंग होणार नाही. अमरसिंह दुसऱ्या कामाला आसामात गेला आहे आणि फिल्म फेब्रुवारीत एका संगीत महोत्सवात दाखवायची आहे. वीस जानेवारीपर्यंत तुमची सही आली नाही तर मॅडम ललताच्या जागी दुसऱ्या कुणाचं तरी तयार रेकॉर्डिंग घालणार आहेत. माळ आपला, शेळ्या आपल्या आणि आवाज परका.

मोठे बाबा, वेळ चुकली हे मला मान्य आहे. पण तुमचा आवाज आता जगात फक्त त्या एका टेपमध्ये उरला आहे. तीही झिजत चाललीय. वेळ चुकली म्हणून आवाजही जाऊ द्यायचा का? मी हे रागानं लिहीत नाही, रडू येतं म्हणून लिहिते.

तुमच्या लोभाची नाही, सहीची वाट बघणारी,
शिवांजली

*

(पोस्टकार्ड)

जळकोट, २ जाने. २०२५

चि. शिवांजलीस आ.

नाही. मावळतीला ललत नाही. माझा आवाज गेला आहे, नियम गेलेले नाहीत. थंडी फार आहे, स्वेटर घालत जा.

मो. बा.

*

जळकोट
६-१-२५

चि. शिवांजलीला मोठ्या आईचा आशीर्वाद. देवीच्या कृपेनं सुखी राहा.

पत्र बघून नवल करू नको. फोनवर बोलले असते, पण ह्यांचा आवाज गेला अन् कान मात्र मांजराचे झालेत. मी सातवी शिकलेली बाई, लिहिता लिहिता चुकलं तर तुझं तू नीट करून वाच. हे लिंबाजीच्या सुनेकडं देते, ती तुळजापूरला जाणार हाय, तिथल्या पोस्टात टाकील.

तुला सांगायचं ते असं. ती टेप सकाळची न्हायच.

तुझ्या अप्पाला पुण्याला नोकरी लागली, त्या दिवाळीनंतरची गोष्ट. चौऱ्याण्णव साल. त्यानं नळदुर्गच्या दोस्ताकडून टेपरेकॉर्डर दोन दिवसाला मागून आणला. तो सासू गेल्यावर माझ्याच हाताखाली वाढलेला. रोज पहाटे ह्यांच्या ललतानं जागा व्हायचा. पुण्यात आपल्याला कोण उठवणार, म्हणून दादाचा ललत बरोबर न्यायचा म्हणला. सकाळी सगळे नटून बसले अन् लाईट गेली. सेल घालावं तर जळकोटात सेल न्हाईत. नळदुर्गहून आणले ते जुने निघाले. दिवसभर लाईट न्हाय. आली ती संध्याकाळी पावणेपाचला.

हे म्हणले, आता पूरिया म्हणतो, संध्याकाळचा हाय. योगी ऐकंना. त्याला ललतच पाहिजे होता. लई वेळ दोघं भाऊ तोंड फिरवून बसले. मग हे उठले अन् काय केलं सांगू? दुसऱ्यांदा अंघोळ केली. धोतर बदललं. खिडक्या लावल्या, दारं लावली, समई पेटवली. मला म्हणले चूल पेटवू नको, स्वयंपाकाचा वास आला तर संध्याकाळ होईल. अशी सकाळ करून पावणेसहाला गायला बसले. सगळं बंद केलं, पण लिंबाजीच्या शेळ्या घरी यायची वेळ कोण बंद करणार? घरी डालग्याखाली कोंडलेली पिलं अन् रस्त्यानं येणाऱ्या आया, दोन्हीकडून ओरडा सुरू झाला. तोच तुझ्या टेपमधी हाय. आता कळलं का शेळ्या काढ म्हणून का मागं लागले ते? लिंबाजीनं ऐकलं तर एका क्षणात वेळ सांगील, ही भीती.

गाणं संपल्यावर योगी टेपमधी बोललाय. ते ह्यांनी सोलापूरच्या दुकानात गाळून घेतलं अन् मग त्याला कॉपी दिली. मूळ टेप उंदरानं खाल्ली न्हाय. तंबोऱ्याच्या गवसणीत शिवून ठेवलेली हाय. मी शिवण उसवून काढली, परत शिवून टाकली. सोबत पाठवते. त्यातल्या शेळ्या काढू नको. योगीला तर मुळीच काढू नको.

ह्यांना वाईट म्हणू नको. माणूस कडक हाय, पण भावासाठी एकदा नियम मोडला अन् तीस वर्षं तोंड लपवलं. दीड वर्ष झालं, पाटीवर संसार चाललाय आमचा. पाटीवर लिहितात, मीठ कमी. पूर्वी हेच ओरडून सांगायचे, तवा मला राग यायचा. आता वाटतं एकदा ओरडावं. मला ह्यांचा आवाज ऐकायचाय गं, चारचौघांत, मोठ्यानं.

पत्र फाडून टाक. माया ठेव.

मोठी आई

*

पुणे,
११ जानेवारी २०२५

ती. स्व. मोठ्या बाबांच्या चरणी सा. न. वि. वि.

गवसणीची शिवण तपासून बघा. दोरा वेगळ्या रंगाचा असेल. ज्यांनी उसवली त्यांना काही बोलायचं नाही, तुम्हाला माझी शपथ आहे.

मूळ टेप काल रात्री ऐकली. गाणं संपतं, तंबोरा थोडा वेळ वाजत राहतो, आणि मग अप्पा बोलतात. म्हणतात, की दादा, झकास झालं. उद्या सकाळी लाईट असली तर परत घेऊ. एवढंच. मग खट्ट. ते वाक्य मी किती वेळा ऐकलं ते सांगत नाही. टेपवरचे अप्पा चोवीस वर्षांचे आहेत आणि मी अठ्ठावीसची. माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान असलेले अप्पा मला पहिल्यांदाच भेटले.

त्यांना सगळं माहीत होतं आणि मला त्यांनी कधी सांगितलं नाही. तुमचं गुपित तुमच्या भावानं शेवटपर्यंत सांभाळलं.

मॅडमना ही टेप शेळ्यांसकट फिल्मवर लावून दाखवली. पडद्यावर शेळ्या माळावरून उतरतात आणि टेपमधल्या शेळ्या बरोबर तेव्हाच ओरडतात. तीस वर्षांचं अंतर आहे, पण ऊन एकच वाटतं. मॅडमनी ते पुन्हा पहिल्यापासून लावायला सांगितलं. आता त्या सगळ्यांना सांगतात, की पहिल्यापासून आपल्या मनात हेच होतं.

आता तुम्ही ठरवा. हवं तर शेळ्या काढते, अप्पांना काढते, वेळ पहाट लिहिते. नियमाच्या दृष्टीनं ते अगदी निर्दोष होईल आणि त्यातलं एक अक्षरही खरं नसेल. किंवा जे झालं ते तसंच ठेवते. तुमच्या मनाविरुद्ध एक सेकंदही लावणार नाही.

वीस तारीख जवळ आलीय. काही लिहा, रागावून लिहा, पण लिहा.

तुमची,
शिवांजली

*

(पोस्टकार्ड)

जळकोट, १५ जाने. २०२५

चि. शिवांजलीस आ.

दोरा काळा होता, गवसणी तांबडी आहे. तुझ्या मोठ्या आईला फितुरीही धड जमत नाही. सही केलेलं संमतीपत्र वेगळं पाठवलं आहे. शेळ्या राहू देत. योगी राहू दे. वेळ खरी लिही.

मो. बा.

*

जळकोट,
११ फेब्रुवारी २०२५

चि. शिवांजलीस मोठ्या बाबांचे अनेक उत्तम आशीर्वाद. वि. वि.

तुझा पुण्याचा महोत्सव चांगला झाला हे वाचलं. तिथं लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या म्हणतेस. इथं उभं राहायला जागा नव्हती.

रविवारी समाजमंदिरात कल्याणप्पानं पडदा बांधला. त्याच्या रानात हुरड्याला आलेला सगळा गाव तसाच उठून आला, हातात गरम हुरडा घेऊन. दिवे मालवले, पडद्यावर अक्षरं आली. राग ललत. गायन वैजनाथ मास्तर, जळकोट. वेळ संध्याकाळी पावणेसहा. कुणी ते वाचलं नसावं, कारण सगळे रान कुणाचं ते ओळखत होते. हे हरिबाचं, ते शिवलिंगप्पाचं, ह्या बांधावरचं लिंब कोणी तोडलं, असा पहिली दहा मिनिटं गलका होता. तीन नव्या सुनांनी तुझ्या मोठ्या आईला विचारलं, की गातंय कोण. त्यांनी मला फक्त पाटीवर ऐकलं आहे. ही पदर तोंडाला लावून बसली होती.

मग शेळ्या ओरडल्या. लिंबाजी ताडकन उठून उभा राहिला. ह्या पडद्यावरच्या न्हाईत, असं तो सगळ्यांना सांगायला लागला. ही खैरी हाय, आपली पहिली खैरी, मरून पंचवीस वर्षं झाली, पिलाला हाक मारतीय. एवढं म्हणताना त्याचे डोळे भरून आले. मग डोळे पुसून त्यानं मी भीत होतो तेच केलं. म्हणाला, पिलाला हाक मारतीय म्हणजे ही दिवस बुडायची वेळ हाय, मास्तर तवाच गायलेत. सगळ्या गावानं माझ्याकडं वळून बघितलं. सगळ्यांत आधी कल्याणप्पानं.

तो जवळ आला आणि हळूच विचारलं, मास्तर, खरं हाय का? मी पाटीवर लिहिलं, व्हय. मग मला राहवलं नाही. उजवा हात त्याच्यापुढं पसरला. दोन छड्यांचं देणं पस्तीस वर्षांचं होतं. कल्याणप्पा किती वेळ माझ्या तळहाताकडं बघत राहिला. मग त्यानं खिशातून हात काढला आणि माझ्या हातावर मूठभर हुरडा ठेवला. इतका गोड हुरडा मी ह्या हंगामात खाल्लेला नाही.

आणि मग गाणं संपलं आणि योगी बोलला. त्याला ओळखणारे बरेच होते तिथं. त्यांनी हातातला हुरडा खाली ठेवला. शिवांजली, मी ते वाक्य तीस वर्षं गाळून ठेवलं होतं. वेळ उघडी पडू नये हे एक कारण. पण दुसरं तुला सांगतो. त्या दुसऱ्या दिवशी सकाळीही लाईट आली नाही आणि दुपारच्या एसटीनं तो गेला. पुढं प्रत्येक दिवाळीला तो विचारायचा, दादा, परत घेऊ या का. मी म्हणायचो, झालंय की एकदा. चूक कबूल करावी लागली असती म्हणून मी परत गायलो नाही. गळा होता, भाऊ होता, पहाटा तर रोज होत्या.

परवा तुझं ते पहिलं पत्र पुन्हा काढून वाचलं. पहाटे पाच वाजता तो ती टेप लावायचा, असं तू लिहिलं आहेस. मला वाटायचं, कौतुकानं लावतो. आता कळतं, मी चुकीच्या वेळी गायलेला ललत त्यानं रोज उठून बरोबर वेळेवर नेऊन ठेवला. मी तोंड लपवत होतो आणि धाकटा भाऊ माझी चूक रोज दुरुस्त करत होता. हे मला त्याला सांगायचं राहून गेलं.

आज पहाटे साडेचारला उठलो. तंबोरा गवसणीतून काढला, पंचमाची तार मध्यमाला लावली आणि बसलो. तुझी मोठी आई चूल पेटवू का म्हणून विचारायला आली. मी पाटीवर लिहिलं, खुशाल पेटव. मनातल्या मनात पुरा ललत म्हटला. उजाडताना लिंबाजीच्या शेळ्या रानाकडं निघाल्या. अगदी पांगत, बाभळीला तोंड लावत, लिंबाजी सांगतो तशाच.

तेव्हा तू कॅमेरा घेऊन ये. मॅडमना आणू नको, आणायच्याच असतील तर तुळजापूरचं दर्शन आदल्या दिवशी उरकून आण. माळाकडं पाठ करून, उगवतीला तोंड करून चित्रण करायचं. मी तंबोरा वाजवीन. गाणं नसेल, पण वेळ बरोबर असेल. सकाळी लाईट असली तर परत घेऊ, असं योगी म्हणाला होता. जळकोटात आता लाईट सकाळी असते.

लोभ ठेव, आणि पाच वाजता उठ.

तुझा,
मोठे बाबा